बसच्या खिडकीतून मर्तिकाच्या घरात: रुंगानो न्योनी यांचे दोन चित्रपट

रुंगानो न्योनी यांनी आतापर्यंत पूर्ण लांबीचे दोनच चित्रपट दिग्दर्शित केले आहेत आणि त्या दोहोंत सात वर्षांचे अंतर आहे. पहिला ‘आय ॲम नॉट अ विच’ २०१७ सालचा, दुसरा ‘ऑन बिकमिंग अ गिनी फाउल’ २०२४ सालचा. दोन्ही प्रथम फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात दाखवले गेले. पहिल्यासाठी न्योनी यांना २०१८ मध्ये ब्रिटिश पदार्पणाचा बाफ्टा पुरस्कार मिळाला आणि दुसऱ्यासाठी कानच्या ‘अन सर्टन रिगार्ड’ विभागात दिग्दर्शनाचा पुरस्कार विभागून मिळाला. एवढे होऊनही त्यांचा उल्लेख अजून ‘उदयोन्मुख’ असाच होतो. दोन चित्रपटांच्या भांडवलावर त्यापलीकडचे विशेषण लावणे घाईचे ठरेल हे खरे. पण हे दोन चित्रपट लागोपाठ पाहिल्यावर त्यांच्या मधल्या सात वर्षांत या दिग्दर्शिकेने स्वतःच्याच पहिल्या कामाची किती कठोर तपासणी केली असावी, हे जाणवल्याशिवाय राहत नाही.

न्योनी यांचा जन्म झांबियाची राजधानी लुसाका येथे १९८२ मध्ये झाला आणि लहानपणीच त्या कुटुंबासह वेल्समध्ये गेल्या. वाढल्या ब्रिटनमध्ये, पण दोन्ही चित्रपट त्यांनी झांबियात, बव्हंशी तिथल्या भाषांमध्ये केले. देश सोडून गेलेल्या माणसाने परत येऊन आपल्याच समाजाकडे कॅमेरा रोखला की एक प्रश्न आपोआप उभा राहतो: हा माणूस हे सगळे कुठे उभा राहून पाहतो आहे आणि आपल्याला कुठे बसवून दाखवतो आहे? मला या दोन चित्रपटांतला खरा फरक याच जागेत सापडला. पहिल्या चित्रपटात आपण पर्यटकांच्या बसमध्ये बसलेलो असतो. दुसऱ्यात आपण मर्तिकाच्या घरात, स्वयंपाकघराच्या दाराशी, हातात ताट घेऊन उभे असतो.

बसची गोष्ट अक्षरशः खरी आहे. ‘आय ॲम नॉट अ विच’ सुरू होतो तोच पर्यटकांची एक बस चेटकिणींच्या वस्तीकडे निघालेली असताना, आणि पार्श्वभूमीला इटालियन संगीतकार विवाल्डीचे ‘हिवाळा’ वाजत असते. बस थांबते. चेहऱ्याला पांढरा रंग फासलेल्या म्हाताऱ्या बायका कुंपणापलीकडे ओळीने बसलेल्या आहेत. त्या तोंडे वेडीवाकडी करून, आवाज काढून पाहुण्यांचे मनोरंजन करतात आणि पाहुणे फोटो काढतात. प्रत्येकीच्या पाठीला एक लांब पांढरी फीत बांधलेली आहे आणि त्या फितीचे दुसरे टोक एका मोठ्या रिळाला गुंडाळलेले आहे. फीत नसती तर या बायका उडून गेल्या असत्या आणि त्यांनी माणसे मारली असती, असे मार्गदर्शक पर्यटकांना अगदी सहज, एखाद्या किल्ल्याची माहिती द्यावी तसे सांगतो.

या वस्तीत आठ-नऊ वर्षांची एक मुलगी येऊन पडते. तिचा गुन्हा एवढाच, की पाणी घेऊन चाललेली एक बाई तिला पाहून अडखळली आणि पाणी सांडले. मुलगी गावात अनोळखी आहे, तिच्या मागेपुढे कोणी नाही, आणि ती फारशी बोलत नाही. चेटकीण ठरायला एवढे पुरते. पोलीस चौकीत जोसेफीन नावाची अधिकारी टेबलामागे बसून गावकऱ्यांच्या तक्रारी रीतसर ऐकून घेते. एक माणूस सांगतो की या मुलीने कुऱ्हाडीने त्याचा हात तोडला. दोन्ही हात जागच्या जागी आहेत, हे जोसेफीनलाही दिसते आहे आणि आपल्यालाही. मग कळते की ते त्याने स्वप्नात पाहिले होते. न्योनी यांनी या प्रसंगात कोणालाही मूर्ख ठरवलेले नाही. जोसेफीनचा चेहरा कंटाळलेल्या कारकुनाचा आहे, साक्षीदाराचा सूर प्रामाणिक आहे आणि कागदावर काहीतरी लिहिले जाते आहे. आपण हसतो. त्या हसण्याची किंमत पुढे मोजावी लागते.

इथे एक गोष्ट नोंदवली पाहिजे, कारण ती ठाऊक असेल तर हा प्रसंग अधिक बोचतो. झांबियात, तो उत्तर ऱ्होडेशिया म्हणून ब्रिटिशांच्या ताब्यात असल्यापासून, म्हणजे १९१४ पासून, चेटकाविषयीचा कायदा आहे आणि एखाद्या व्यक्तीवर चेटूक केल्याचा आळ घेणे हाच त्या कायद्याने गुन्हा आहे. म्हणजे त्या चौकीत खरे तर आरोपीच्या जागी गावकरी असायला हवेत. चित्रपट याबद्दल एक अक्षर बोलत नाही. जोसेफीन फोन उचलते आणि पर्यटन व पारंपरिक श्रद्धा खात्याच्या बांडासाहेबांना लावते. साहेब त्या वेळी आंघोळीच्या टबात आहेत आणि त्यांची बायको त्यांना चोळून आंघोळ घालते आहे. पर्यटन आणि श्रद्धा ही दोन कामे एकाच खात्याच्या पाटीवर एकत्र आणणे, एवढ्या एका कल्पनेत न्योनी यांनी जे सांगितले आहे ते दहा संवादांत सांगता आले नसते.

मांत्रिक कोंबडीचा कौल लावतो, मुलगी चेटकीण असल्याचे सिद्ध होते आणि तिला एक रात्र विचार करायला दिली जाते: फीत कापलीस तर बोकड होशील, नाही कापलीस तर चेटकीण म्हणून जगशील. ती फीत कापत नाही. वस्तीतल्या म्हाताऱ्या तिला आपल्यात घेतात आणि तिचे नाव ठेवतात शुला, म्हणजे उपटून काढलेली. या बायकांचे आपसातले वागणे हा चित्रपटाचा सगळ्यात उबदार भाग आहे. त्यांना सरकारच्या शेतावर राबवले जाते, मालमोटारीवर बसवलेल्या रिळांसकट इकडून तिकडे नेले जाते, आणि तरीही त्या एकमेकींची थट्टा करतात, गातात, मुलीला पदराखाली घेतात. बांडासाहेब शुलाला चोर ओळखण्याच्या कामाला लावतात. समोर संशयितांची रांग उभी आहे, सगळे गाव पाहते आहे, आणि ही मुलगी काय करते, तर वस्तीतल्या आज्यांना फोन लावते. पलीकडून प्रत्येक आजी आपापला सल्ला देते. हा प्रसंग विनोदी आहे, पण त्यात एक कटू व्यवहारज्ञानही आहे. समाजाने अंगावर घातलेली भूमिका आता टाळता येत नसेल, तर ती निदान नीट वठवावी आणि त्यातून चार वस्तू तरी पदरात पाडून घ्याव्यात, एवढे शहाणपण या बायकांनी आयुष्यभरात कमावलेले आहे.

शुलाची भूमिका करणारी मॅगी मुलुब्वा ही या चित्रपटाची मोठी जमेची बाजू. तिच्या वाट्याला संवाद जवळजवळ नाहीतच. तिचा चेहरा बहुतेक वेळ स्थिर असतो, आणि एखाद-दुसऱ्या प्रसंगी त्यावर हसू उमटते तेव्हाच आपल्याला जाणवते की ही अजून लहान मूल आहे. बांडासाहेबांच्या भूमिकेत हेन्री बी. जे. फिरी यांनी गोड बोलणारा, सदा घाईत असणारा, स्वतःच्या मोठेपणावर मनापासून विश्वास असणारा सरकारी माणूस उभा केला आहे. ते शुलाच्या नावाने अंडी विकायला काढतात आणि दूरचित्रवाणीवर जाऊन त्यांची जाहिरात करतात. त्याच कार्यक्रमात प्रश्न येतो की ती चेटकीण नसून नुसतीच एक लहान मुलगी असेल तर? बांडासाहेबांजवळ उत्तर नसते. आणि मग त्यांच्या बायकोचे, चॅरिटीचे, प्रकरण. तीही पूर्वीची चेटकीण. लग्न करून, सांगितले ते सगळे ऐकून ती ‘प्रतिष्ठित’ झाली आहे. तरीही बाजारहाटाला जाताना फितीचे रीळ तिच्या सामानात असतेच, आणि रस्त्यावरची माणसे तिला चेटकीणच म्हणतात. मला विचाराल तर शुलापेक्षाही चॅरिटीची कथा अधिक अस्वस्थ करणारी आहे, आणि न्योनी यांनी तिला आणखी वेळ द्यायला हवा होता.

कॅमेरा डेव्हिड गायेगो या कोलंबियन छायाचित्रकाराचा आहे. कोरड्या, तपकिरी माळरानावर पांढऱ्या फितींच्या समांतर रेषा, भडक नारिंगी मालमोटार, त्यावर झाडासारखी उभी केलेली रिळे, ही चित्रे एकदा पाहिली की विसरता येत नाहीत. आणि माझी तक्रारही इथेच सुरू होते. ही फीत न्योनी यांची स्वतःची कल्पना आहे. चेटकिणी म्हणून हाकलून दिलेल्या स्त्रियांच्या वस्त्या प्रत्यक्षात आहेत त्या घानाच्या उत्तर भागात. गांबागा ही त्यांतली सर्वांत परिचित. न्योनी यांनी अभ्यासासाठी घानातल्या अशा वस्तीत काही काळ मुक्काम केला, आणि मग ती वस्ती आपल्या चित्रपटात झांबियात आणून वसवली. कलावंताला हे स्वातंत्र्य आहे, याबद्दल वाद नाही. पण आफ्रिकेतील देशांमधला फरक मुळातच कमी ठाऊक असलेल्या प्रेक्षकाला हा सगळा झांबियातला चालू व्यवहार वाटण्याचा धोका आहे, आणि चित्रपट तो गैरसमज दूर करण्याची तसदी घेत नाही. शिवाय ती फीत इतकी देखणी आहे की ती हळूहळू त्या बायकांपेक्षा मोठी होते. शेवटच्या अर्ध्या तासात शुलाच्या मनात काय चालले आहे हे आपल्याला कळेनासे होते. आपण तिला पाहतो, तिच्यासाठी हळहळतो आणि चौकटीच्या सौंदर्याला दादही देतो. नेमके तेच, जे त्या बसमधले पर्यटक करत होते. मध्येच एक गोरी पर्यटक बाई हिरमुसलेल्या शुलाला बरे वाटावे म्हणून तिच्याबरोबर फोटो काढू पाहते. न्योनी यांना हा दोष पुरता ठाऊक होता, हे या प्रसंगावरून उघड होते. तो ठाऊक असूनही चित्रपट त्या बसमधून खाली उतरत नाही.

दुसऱ्या चित्रपटाकडे जाण्याआधी ‘लिसन’ या त्यांच्या लघुपटाचा उल्लेख करायला हवा. तो २०१४ सालचा असून हामी रमेझान यांच्याबरोबर केलेला आहे. कोपनहेगनच्या पोलीस चौकीत बुरखा घेतलेली एक परदेशी स्त्री नवऱ्याच्या मारहाणीची तक्रार सांगते आहे, आणि मध्ये बसलेली दुभाषी तिचे म्हणणे जसेच्या तसे पोचवत नाही. तेरा-चौदा मिनिटांचा हा ऐवज पाहिला की न्योनी यांच्या कामातला पोलिसाचा टेबल हा योगायोग नाही, हे लक्षात येते. ज्याला बोलायचे आहे तो एका बाजूला, ज्याने ऐकून काही करायचे तो दुसऱ्या बाजूला, आणि मधल्या माणसांना, मधल्या भाषेला, मधल्या रीतीभातींना ते बोलणे पलीकडे जाऊ द्यायचे नाही. दुसऱ्या चित्रपटात हा मधला माणूस म्हणजे सगळे कुटुंब आहे.

‘ऑन बिकमिंग अ गिनी फाउल’ रात्रीच्या रस्त्यावर सुरू होतो. इथल्या नायिकेचे नावही शुलाच, पण ही प्रौढ आहे, परदेशात राहून आलेली आहे आणि स्वतः गाडी चालवते आहे. एका पार्टीवरून परतताना तिने फुगवलेला काळा पोशाख आणि चमचमते शिरस्त्राण घातले आहे; अमेरिकन गायिका मिसी एलियट हिच्या एका प्रसिद्ध चित्रफितीतला तो वेश. रस्त्यावर एक प्रेत पडलेले दिसते. ती गाडी थांबवून पाहते, तर तो फ्रेड, तिचा सख्खा मामा. ती किंचाळत नाही, रडत नाही. वडिलांना फोन लावते, तर ते टॅक्सीसाठी पैसे पाठव म्हणतात. पोलिसांकडे गाडी नाही, सकाळपर्यंत थांबावे लागणार. तेवढ्यात न्सान्सा ही मामेमावस गोतावळ्यातली बहीण झिंगलेल्या अवस्थेत येऊन गाडीच्या काचेवर थापा मारू लागते. पहिली पंधरा-वीस मिनिटे निव्वळ विनोदाची आहेत आणि तो विनोद पूर्णपणे ओळखीच्या गोष्टींतून आलेला आहे: फुकट्या बाप, वाहन नसलेले पोलीस, नको त्या वेळी भेटलेला नातेवाईक.

मग मर्तिकाचे घर सुरू होते, आणि इथे न्योनी यांची पकड विलक्षण आहे. शुलाच्या आईच्या घरातले सामान हलवून जागा केली जाते. मावश्या येतात, दारातूनच हंबरडा फोडतात, गुडघ्यांवर रांगत आत जातात. बायकांनी आत जमिनीवर झोपायचे, स्वयंपाक करायचा, रडायचे. पुरुषांनी बाहेर बसायचे आणि जेवण कधी होणार ते विचारायचे. शुला हॉटेलात खोली घेऊन संगणकावर आपले कार्यालयीन काम उरकू पाहते, तर मावश्या तिथेही येऊन ठेपतात आणि तिला घरी आणतात. तिने रडले पाहिजे, एवढीच त्यांची मागणी आहे. ती रडत नाही आणि त्याचे कारण आपल्याला थेंबाथेंबाने कळत जाते. फ्रेडमामाने घरातल्या मुलींना लहानपणी काय केले, हे न्सान्सा हसत हसत सांगते. बूपे ही नात्यातलीच धाकटी बहीण विद्यार्थिनींच्या वसतिगृहात आजारी पडलेली सापडते आणि तिने आपल्या फोनमध्ये आपलीच साक्ष नोंदवून ठेवलेली असते. शुला स्वतःबद्दल जवळजवळ काहीच बोलत नाही. अत्याचाराचा एकही प्रसंग पडद्यावर नाही. पूर्वदृश्ये नाहीत, करुण संगीत नाही. जे घडले ते आपल्याला बायकांच्या स्वयंपाकाच्या गडबडीत, ‘अजून दोन ताटे लागतील’ अशा प्रकारच्या बोलण्याच्या फटींतून ऐकू येते.

या चित्रपटाचे नाते मराठीतून समजून घेणे इंग्रजी उपशीर्षकांपेक्षा सोपे जाते, असे मला वाटले. उपशीर्षकांत सगळे ‘अंकल’ आणि ‘आंटी’. पण हे कुटुंब झांबियातल्या बेम्बा समाजातले आणि तो समाज मातृवंशीय आहे. कूळ आईकडून मोजले जाते आणि आईचा भाऊ हा घरातला अधिकारी पुरुष असतो. फ्रेड हा मामा आहे आणि या सगळ्या मावश्या त्याच्या बहिणी आहेत, हे एकदा पक्के ध्यानात धरले की त्यांच्या मौनाला निराळे वजन येते. त्या बाहेरच्या कोणा पुरुषाला पाठीशी घालत नाहीत. ज्याच्यावर त्यांच्या कुळाची मदार होती त्या पाठच्या भावाला त्या सांभाळत आहेत, आणि त्यासाठी त्यांनी आपल्याच लेकी खर्ची घातल्या आहेत. भाषांच्या बाबतीतही उपशीर्षके घोटाळा करतात. पात्रे बेम्बा आणि इंग्रजी यांच्यामध्ये सतत ये-जा करतात. शुलाचे कार्यालयीन बोलणे इंग्रजीतले आणि मर्तिकाचे सगळे बेम्बातले. वाचणाऱ्याला खाली एकच सपाट पट्टी दिसते. त्यामुळे कोणी कधी भाषा बदलली इकडे कान देऊन पाहावे, अशी माझी शिफारस आहे. शुला कोणत्या भाषेत गप्प बसते हेसुद्धा त्यातून कळते.

न्योनी यांनी मावश्यांना खलनायिका केलेले नाही, आणि हेच पहिल्या चित्रपटाहून मोठे पाऊल आहे. कोठीच्या खोलीत एक प्रसंग आहे. घरातल्या थोरल्या बायका या तिघी मुलींना जवळ ओढून घेतात, गातात, त्यांना कुरवाळतात. म्हणजे त्यांना माहीत आहे. बहुधा पहिल्यापासून माहीत होते. त्या प्रेमाबद्दल शंका घ्यायला जागा नाही, आणि त्या प्रेमाचा या मुलींना काडीचाही उपयोग नाही, हेही तेवढेच स्पष्ट आहे. दार उघडले की त्याच बायका पुन्हा भावाच्या नावाने हंबरडा फोडणार आहेत. हा प्रसंग मी थांबवून पुन्हा पाहिला. इतक्या थोड्या जागेत, इतक्या कमी शब्दांत, माया आणि विश्वासघात एकाच हातांनी होताना दाखवणे ही सोपी गोष्ट नाही. वडिलांना शुला सरळ विचारते तेव्हा ते विषय झटकून टाकतात. तो प्रसंग तुलनेने अपेक्षित आहे, कोठीतला नाही.

सर्वांत खालच्या पायरीवर आहे ती फ्रेडची विधवा. ती वयाने इतकी लहान आहे की तिच्याभोवतीची मुले तिची आहेत हे पटायला क्षणभर जातो. नवऱ्याला नीट खाऊ घातले नाहीस म्हणून तो मेला, असा ठपका मावश्या तिच्यावर ठेवतात. तिच्या माहेरची माणसे वेगळी, कोपऱ्यात, अंग चोरून बसतात. शेवटाकडे दोन्ही कुटुंबांची बैठक होते आणि मयताच्या मालमत्तेचा हिशेब मांडला जातो. झांबियात मृत्युपत्र न करता मेलेल्या माणसाच्या मालमत्तेसाठी १९८९ चा वारसा कायदा आहे. त्याप्रमाणे मालमत्तेचा निम्मा भाग मुलांना, २० टक्के विधवेला, २० टक्के आईवडिलांना आणि १० टक्के इतर अवलंबितांना मिळायला हवा. मयताच्या नातेवाइकांनी विधवेला लुबाडून बाहेर काढण्याची जी रीत होती ती मोडावी, हाच या कायद्याचा हेतू होता. पडद्यावरच्या त्या बैठकीत हा कायदा कोणाच्या तोंडी येत नाही. पहिल्या चित्रपटातल्या पोलीस चौकीची इथे आठवण झाली. तिथे १९१४ चा कायदा टेबलाखाली होता, इथे १९८९ चा चटईखाली आहे. न्योनी कायद्याचे नाव घेत नाहीत. तो नसल्यासारखे सगळे किती सुरळीत चालते, एवढेच त्या दाखवतात.

आता नावातली गिनी कोंबडी. शुलाला लहानपणी पाहिलेला मुलांचा दूरचित्रवाणी कार्यक्रम आठवतो. त्यात प्राण्यांची माहिती सांगताना म्हटलेले असते की गिनी कोंबडी शिकारी जनावर दिसले की ओरडून रानातल्या बाकीच्यांना सावध करते. हा धागा चित्रपटात तीन-चार ठिकाणी येतो. त्याचा अर्थ कळायला प्रेक्षकाला काही कष्ट पडत नाहीत, किंबहुना थोडे कमीच पडतात. पहिल्या चित्रपटातल्या फितीएवढी ही प्रतिमा मोठी होत नाही, हे मात्र बरे झाले. एक साधा पक्षी, एक जुना कार्यक्रम, एक कर्कश आवाज. लुक्रेसिया दाल्त यांच्या संगीताने त्या आवाजाला आधीपासून जागा करून ठेवलेली आहे: मोजकेच, खरखरीत, काहीतरी घासल्यासारखे सूर, आणि बराच वेळ नुसती शांतता.

दोष नाहीत असे नाही. वसतिगृहातल्या खोल्यांत पाणी भरलेले आहे आणि शुला त्यातून चालते आहे, असे एक स्वप्नवत दृश्य मध्ये येते. ते दिसायला सुंदर आहे आणि नेमके म्हणूनच मला ते मागच्या चित्रपटातून इथे चुकून आल्यासारखे वाटले. लहानपणीची शुला प्रौढ शुलाच्या शेजारी येऊन उभी राहते, ही युक्ती सुरुवातीला एकदा प्रभावी ठरते, नंतर तिची गरज उरत नाही. आईचे पात्र अपुरे आहे. फ्रेडची बहीण आणि शुलाची आई अशा दोन्ही बाजूंनी फाटलेली ही बाई चित्रपटाच्या मध्यभागी असायला हवी होती. ती कायम कोणाच्या तरी मागे उभी दिसते. मधला अर्धा तास संथ आहे. मर्तिकाच्या घरातले दिवस असेच रेंगाळतात, असा त्याचा बचाव करता येईल, पण एका पातेल्यापासून दुसऱ्या पातेल्यापर्यंतच्या काही फेऱ्या कमी झाल्या असत्या तर त्या रेंगाळण्याला धक्का लागला नसता.

अभिनयात सुझन चार्डी यांची शुला आणि एलिझाबेथ चिसेला यांची न्सान्सा या दोघींची जोडी चित्रपट तोलून धरते. चार्डी यांचा चेहरा बंद दारासारखा आहे. चिसेला यांचा सताड उघडा, सतत हलणारा, सतत काहीतरी लपवण्यासाठी हसणारा. न्सान्साला बडबडी, पिणारी, बेजबाबदार बहीण म्हणून आपण पहिल्या दहा मिनिटांत निकालात काढतो. तिची बडबड कशासाठी आहे हे कळते तेव्हा त्या पहिल्या दहा मिनिटांतले आपले हसणे आठवून ओशाळायला होते. पहिल्या चित्रपटातले हसणे आणि हे हसणे यांत फरक आहे. तिथे आपण एका व्यवस्थेला हसलो होतो. इथे आपण एका मुलीला हसलो होतो, अगदी तिच्या मावश्या हसल्या असतील तसे.

छायाचित्रण याही वेळी गायेगो यांचेच आहे, पण माळरान आणि मालमोटार गेली आहे. बराचसा चित्रपट रात्रीचा, घरातला, गाडीतला आहे. बायकांच्या गर्दीत कॅमेरा जमिनीच्या जवळ राहतो आणि चेहरे अर्धेमुर्धे अंधारात असतात. लहान पडद्यावर, उजेडाच्या खोलीत हा चित्रपट पाहिला तर निम्मे काही दिसणारच नाही. दोन्ही चित्रपटांची लांबी शंभर मिनिटांच्या आत आहे, तेव्हा दिवे मालवून एका बैठकीत पाहणे अवघड जाऊ नये.

कोणता आधी पाहावा? न्योनी यांचे काम नवे असेल तर मी दुसऱ्यापासून सुरुवात करायला सांगेन. त्या घरात दीडेक तास बसून आल्यावर पहिल्या चित्रपटातल्या म्हाताऱ्या बायका निव्वळ देखाव्याच्या राहत नाहीत; त्यांनाही कोणी भाऊ, भाचे, दीर असतील आणि त्यांतल्याच कोणी त्यांना इथे आणून सोडले असेल, असा विचार आपोआप मनात येतो, जो पहिला चित्रपट स्वतःहून फारसा सुचवत नाही. लहान मुलांबरोबर मात्र दोन्हींपैकी एकही पाहू नये. पहिल्यात नऊ वर्षांची मुलगी असली तरी तो मुलांचा चित्रपट नाही, आणि दुसऱ्यात पडद्यावर काही घडत नसले तरी कानावर जे पडते ते समजावून सांगायला आधी मोठ्यांचीच तयारी लागेल.